शब्दांची प्रयोगशाळा : ‘स्ट्राइक’ आणि हरताळ



गेल्या शनिवारी आमच्या चिरंजीवांची बेसबॉलची मॅच होती. अंपायर ‘स्ट्राइक!’ असे ओरडला. मला वाटले, पोराने बॉल टोलवला! क्रिकेटवर वाढलेली मी, उभी राहून टाळ्या वाजवल्या. दुसऱ्या ‘स्ट्राइक’लाही तेच. तिसऱ्याला चिरंजीव आऊट होऊन मान खाली घालून परतले, तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. गाडीत म्हणाला, "आई, पुढच्या वेळी तू नको येऊस."

मनाला लागले. घरी येऊन शब्दकोश उघडला. जुन्या इंग्रजीत या क्रियापदाचा मूळ अर्थ मारणे नव्हताच! हात फिरवणे, घासणे, पुढे सरकणे असा होता. गोंजारण्याचा ‘स्ट्रोक’ त्याच कुळातला. जर्मन भावंड ‘श्ट्रायखेन’ तर आजही भिंत रंगवते आणि पावाला लोणी लावते.

बेसबॉलमध्ये ‘स्ट्राइक’ म्हणजे आधी बॅट फिरवून हुकलेला प्रयत्न. पण काही फलंदाज चांगले बॉल नुसते सोडून देत आणि खेळ रेंगाळे. म्हणून १८५८ साली नियम झाला, की बॅट न फिरवताही अंपायर ‘स्ट्राइक’ देऊ शकतो. थोडक्यात, ‘मारलास’ नव्हे, ‘मारायला हवा होतास’!

आणि संप? १७६८ साली लंडनच्या बंदरात खलाशांनी जहाजांची शिडे उतरवून काम थांबवले. शीड उतरवण्यालाही हेच क्रियापद. त्यावरून संपाला ‘स्ट्राइक’.

आता गंमत पाहा. हेच क्रियापद ‘आऊट’ जोडून वापरले, की अर्थ होतो खोडणे. आपल्या ‘हरताळा’चेही तसेच! बाजार बंद ठेवण्याचा हरताळ ‘हट्ट’ म्हणजे दुकान आणि ‘ताळे’ म्हणजे कुलूप यांवरून आला. दुसरा हरताळ आम्हा रसायनवाल्यांचा : आर्सेनिक आणि गंधक यांचे पिवळे, विषारी संयुग. पोथीतली चुकलेली अक्षरे त्याच्या लेपाने झाकत, म्हणून ‘हरताळ फासणे’. दोन वेगळे शब्द, पण संप आणि खाडाखोड दोन्ही भाषांत एकाच उच्चारात!

रात्री चिरंजीवांना हे सारे सांगितले. थोडा विचार करून म्हणाला, "ये तू. पण टाळ्या मी सांगेन तेव्हाच."

तुमची अशी फजिती झाली असेल तर जरूर कळवा. पुढच्या अंकात शब्द तुमचा!