सत्यवचनी हार्प

आमच्या इंदुरात जुन्या मराठी घरी पाहुणा आला, की चहाच्या पाठोपाठ घराण्याचा इतिहास येतो. आमचे थोरले काका सांगत, की आमचे मूळपुरुष होळकरांच्या फौजेबरोबर पाच घोडे घेऊन माळव्यात उतरले. पुढे दर दिवाळीला त्यांत एकदोन घोड्यांची भर पडे. आमच्या मुंजीपर्यंत ते पंचवीस झाले होते! आजी तेवढी वाती वळीत गप्प बसून असे.

हे घोडे परवा नातीला गोष्ट वाचून दाखविताना आम्हांला आठवले. लॉइड अलेक्झांडर (१९२४–२००७) या अमेरिकन लेखकाने १९६४ ते १९६८ या काळात पाच कादंबऱ्यांतून ‘प्रिडेन’ नावाची एक कल्पित भूमी उभी केली. दुसऱ्या महायुद्धात सैनिक म्हणून तो काही काळ वेल्समध्ये होता. तेथील निसर्गाचा आणि प्राचीन कथांचा ठसा या भूमीवर स्पष्ट दिसतो.

तेथे फ्ल्यूडर फ्लॅम नावाचा एका चिमुकल्या राज्याचा राजा आहे. सिंहासन सोडून हा गृहस्थ चारण व्हावयास निघाला आणि परीक्षेत नापास झाला. तरी प्रमुख चारणाने कृपाळू होऊन त्याला एक हार्प दिली. चौकटीत तारा ताणून बोटांनी छेडावयाचे हे वाद्य. पण ही हार्प जादूची होती. बोटे लागताच ती जणू आपण होऊन गाई. मात्र धन्याने सत्यावर थोडाही रंग चढविला, की तटकन एक तार तुटे. आणि रंग चढविल्यावाचून फ्ल्यूडरला बोलताच येत नसे! बिचाऱ्याचा निम्मा वेळ तारा जोडण्यात जाई.

या हार्पवर अलेक्झांडरने १९६७ साली एक स्वतंत्र चित्रकथा लिहिली. तीत फ्ल्यूडर थंडीने कुडकुडणाऱ्या म्हाताऱ्याला अंगावरचा झगा देतो, नदीत बुडणारे मूल वाचवितो. आणि लोकांना मात्र भलतेच पराक्रम ऐकवितो. घडलेली गोष्ट त्याला सांगण्याजोगी वाटतच नाही. त्याने रचलेल्या पराक्रमांहून त्याची खरी कृत्येच थोर होती, हे अखेरीस प्रमुख चारणाला त्याला समजावून सांगावे लागते.

येथे आम्ही पुस्तक मिटून थोडा वेळ स्वस्थ बसलो. आजीने अखेरच्या आजारात आम्हांला एकट्याला सांगितले होते, की मूळपुरुष पायी आले. खांद्यावर पडशी, पडशीत दौत आणि बोरू. चाळीस वर्षे त्यांनी दप्तरात हिशेब लिहिला, पैचा फरक पडू दिला नाही. पगारातून देशावरच्या विधवा बहिणीचा संसार चालविला, आणि म्हातारपणी डोळे गमावून बसले. ही हकीकत आमच्या घरी एकाही पाहुण्याने ऐकलेली नाही. घोड्यांच्या टापांखाली ती केव्हाच दडपून गेली.

काकांना मात्र आम्ही दोष देणार नाही. १९६८ च्या शेवटच्या कादंबरीत बर्फाच्या वादळात सारी मंडळी गारठून मरणाच्या दारी येतात. जाळावयास काही नसते. तेव्हा फ्ल्यूडर आपली लाडकी हार्प मोडून आगीत घालतो, आणि सोबत्यांना वाईट वाटू नये म्हणून म्हणतो, की बरे झाले, हे ओझेच होते. त्याच क्षणी जळत्या हार्पच्या तारा तटातट तुटतात! दयेपोटी बोललेल्या असत्यालाही ती सूट देत नाही. पण रात्रभर ती जळते, आणि जळता जळता गाते. सकाळी राखेत एकच तार शाबूत मिळते. कधीही न तुटणारी अशी ती तार ग्विडियन या राजपुत्राने त्याला पूर्वी भेट दिलेली असते.

काकांचे घोडेही मायेपोटीच वाढले असतील. पण आता काका नाहीत, आजी नाही, आणि बोरूची गोष्ट ठाऊक असलेले आम्हीच काय ते उरलो. आम्ही गप्प राहिलो, तर ती आमच्याबरोबरच जाईल.

नातीने विचारले, “आजोबा, आपले घोडे खरंच किती होते हो?”

“एकही नव्हता,” आम्ही म्हणालो. “ये, जवळ बस. एका बोरूची गोष्ट सांगतो.”