नावामागचा धनी कोण?

एका ‘एफ’चा फरक क्षुल्लक वाटतो, बंगळुरूत मात्र त्यावरून मोठी न्यायालयीन लढाई झाली. सत्यम इन्फोवेने १९९९ मध्ये ‘सिफी’ या शब्दावर आधारित संकेतस्थळांची नावे नोंदवली होती. २००१ पासून ‘सिफ्फीनेट सोल्युशन्स’ने जवळजवळ तेच नाव वापरले. ते पाच प्रवर्तकांच्या आद्याक्षरांतून साधले, असा या कंपनीचा खुलासा होता. शहर दिवाणी न्यायालयाने मनाई हुकूम दिला, कर्नाटक उच्च न्यायालयाने तो उठवला आणि ६ मे २००४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा लागू केला. संकेतस्थळाचे नाव हा निव्वळ पत्ता नसून व्यवसायाची ओळख आहे, हे तत्त्व तेव्हा प्रस्थापित झाले.

त्याच निकालात न्यायालयाने अशा तंट्यांसाठी स्वतंत्र कायदा नसल्याचेही नमूद केले होते. संसदेने ती पोकळी अद्याप भरलेली नाही. २००५ पासून ‘डॉट इन’ नावांसाठी लवादाची सोय आहे. पण ती नावावर हक्क सांगणाऱ्यासाठी, फसलेल्या ग्राहकासाठी नव्हे. नोंदणीतील मालकाचे नाव तर बहुधा झाकलेलेच असते. ‘गव्ह डॉट इन’ केवळ सरकारी यंत्रणांना मिळते, ‘ऑर्ग डॉट इन’ कोणालाही, हा भेद किती जणांना ठाऊक आहे? रिझर्व्ह बँकेने २०२५ मध्ये बँकांना ‘बँक डॉट इन’वर जाण्यास भाग पाडले, हे योग्यच झाले. परगावाहून घरी पैसे पाठवणाऱ्याला नावामागचा धनी ओळखता यावा, ही जबाबदारी आता संसदेनेही उचलली पाहिजे.