मुंगी पावडर टाकण्यापूर्वी बिळाबाहेरचा कोंडा पाहा

पेरणीचा हंगाम जवळ आला की विस्तार कार्यकर्त्यांना हमखास विचारला जाणारा प्रश्न म्हणजे, "शेतात मुंग्यांची बिळे दिसतात, कोणती पावडर टाकू?" उत्तर बहुधा तयारच असते. माझ्या मते ते देण्याची आपण घाई करतो. माव्याचा गोड चिकटा चाटण्यासाठी पिकावर चढणारी मुंगी वेगळी आणि बी वेचणारी मुंगी वेगळी. वाळवी तर मुंगीच नव्हे. तरीही या तिन्हींवर एकच उपाय सुचवला जातो. येथे विचार आहे तो केवळ बी वेचणाऱ्या मुंगीचा.

या मुंगीच्या अभ्यासाशी पुण्याचा जुना संबंध आहे. लेफ्टनंट कर्नल विल्यम सायक्स यांनी पुण्यात मुंग्यांना पावसाने भिजलेले गवताचे बी बिळाबाहेर आणून उन्हात वाळवताना पाहिले आणि 1835 मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध केले. मुंगी धान्य साठवते, हे उत्तर युरोपातील अभ्यासकांना त्या काळी दंतकथा वाटे, कारण तेथील मुंग्या तसे करीत नाहीत. ही जात आज फायडोली प्रोव्हिडेन्स म्हणून ओळखली जाते. याखेरीज ट्रायकोमायरमेक्स आणि वायव्य भारतातील मेसॉर या प्रजातींतही बी साठवणाऱ्या जाती आहेत.

बिळाच्या तोंडाभोवती मातीच्या कणांचे कडे आणि त्यालगत टरफलांचा, कोंड्याचा ढीग ही या मुंगीची ओळख. आत उभ्या-आडव्या वाटा व सपाट तळाच्या कोठ्या असतात. काहींत बी, काहींत अंडी-अळ्या. कामकरी मुंग्या बी सोलून कोठीत भरतात आणि काही जातींत त्याचा अंकुर कुरतडून टाकतात. बी आणणाऱ्या मुंग्या वयाने मोठ्या असतात व वसाहतीचा लहानसा भागच असतात. मुंगीला पंख फुटले की तिचा अंत जवळ आला, ही समजूत नरांपुरती खरी आहे. मिलनानंतर राणी पंख टाकते, जमिनीत शिरते आणि पुढे कित्येक वर्षे अंडी घालते. म्हणूनच बिळाच्या तोंडावर भुरभुरलेली पावडर वरच्या वेचणाऱ्या मुंग्या मारते, खोल बसलेली राणी बहुधा वाचते आणि काही दिवसांत बीळ पुन्हा नांदते. शेतकऱ्याचे पैसे मात्र गेलेले असतात.

ही मुंगी निरुपद्रवी आहे, असे मी म्हणणार नाही. धूळपेरणीत बाजरीसारखे बारीक बी पावसाची वाट पाहत कोरड्या मातीत पडून राहते, तेव्हा ती ते उचलते. तिळासारखे बी फोकून पेरले आणि उघडे राहिले तर बिळालगत पट्टेच्या पट्टे मोकळे राहू शकतात आणि अल्पभूधारकावर दुबार पेरणीची वेळ येते. खळ्यावरचे धान्यही ती ओढून नेते. पण वर्षाचे उरलेले महिने ती काय वेचते? प्रामुख्याने गवते व तणांचे बी. ईशान्य स्पेनमधील कोरडवाहू गव्हा-बार्लीच्या शेतांत मेसॉर मुंग्या तणांच्या बियांचा मोठा हिस्सा नष्ट करतात, असे तेथील अभ्यासांत आढळले आहे. शून्य मशागतीच्या शेतांत हे काम अधिक होते, तर ओलिताच्या शेतांत या मुंग्या टिकत नाहीत. आपल्याकडे खुरपणीच्या मजुरीचा बोजा पाहता ही फुकटची मदत विषाने घालवणे मला परवडणारे वाटत नाही.

निर्णयासाठी प्रयोगशाळा लागत नाही. बिळाबाहेरचा मूठभर कोंडा कागदावर पसरावा. गवताची कुसळे व तणांची टरफलेच दिसली तर बीळ राहू द्यावे. पिकाचे बी दिसले तर पेरणी ओलीवर व योग्य खोलीवर करून बी मातीआड करावे, बिळालगत बी थोडे अधिक टाकावे आणि खळे दूर हलवावे किंवा धान्य ताडपत्रीवर, तिच्या कडा उचलून ठेवावे. कोरड्या कुरणांत गवताचे बी शेण, चिकणमाती व वाळूत घोळून गोळ्यांच्या रूपाने पेरतात. त्याने बी वाऱ्याबरोबरच मुंग्यांपासूनही वाचण्यास मदत होते.

शिवारफेरीच्या नोंदवहीत "मुंग्या आढळल्या" एवढेच न लिहिता कोंड्यात काय सापडले, बीळ बांधावर होते की सरीत, आणि पेरणीला किती दिवस उरले होते, हेही लिहावे. उन्हाळ्यात ही फेरी सकाळी लवकर किंवा उन्हे उतरल्यावर करावी. भर दुपारी या मुंग्या बहुधा बिळातच असतात.