प्लायवूडच्या कडा रंगवा, मजुरी वेगळी लावा

आपला जिल्हा कमी पावसाचा, इथे प्लायवूडला काय होणार, असे अहिल्यानगरचे अनेक व्यापारी म्हणतात. अकोले तालुक्यातील घाटघरचा भाग सोडला तर बहुतेक जिल्हा पर्जन्यछायेत आहे, हे खरे. पण फळी फुगते ती भिंतीच्या ओलीने. आपल्याकडे सप्टेंबरात पाऊस जोर धरतो. जुन्या दगडी भिंती ओल धरतात आणि त्यानंतर लगेच दिवाळीचा माल भरायची वेळ येते. फळीची ओल ताग्याला लागली की बुरशीचे डाग पडतात. असा माल निम्म्या भावातही खपत नाही.

प्लायवूड म्हणजे लाकडाचे पातळ थर आडवे-उभे चिकटवलेले. कापलेल्या कडेवर लाकडाच्या नळ्या उघड्या पडतात. ओल तिथूनच सर्वाधिक शिरते. आपण मात्र दर्शनी बाजूला सनमायका लावतो आणि कडा व पाठ कोरी ठेवतो. अशी फळी वाकतेही.

मग तक्रार सुरू होते. शेठ म्हणतो, मिस्त्रीने हलका माल लावला. मिस्त्री म्हणतो, रंगाचे पैसे कुठे दिले? माझ्या मते कसूर सौद्याचा आहे. दर चौरस फुटावर ठरतो आणि त्यात कडा व पाठ मोजलीच जात नाही. न मोजलेले काम कारागिराने फुकट करावे, ही अपेक्षा गैर आहे.

काम अवघड नाही. फळी कोरडी असावी. ओली फळी रंगवली तर ओल आतच कोंडते. कापणे आणि भोके पाडणे आधी उरकावे. कडा घासून पातळ प्रायमर मुरवावा, मग इनॅमलचे दोन हात द्यावेत. पाठही रंगवावी. कपाट भिंतीपासून थोडे दूर आणि जमिनीपासून उंच ठेवावे.

रंगाने ओल मंदावते, थांबत नाही. म्हणून शिक्का पाहूनच माल घ्यावा. आय.एस. ३०३ मधील 'एम.आर.' प्रत कोरड्या जागेसाठी, 'बी.डब्ल्यू.आर.' ओलीच्या भिंतीसाठी. आय.एस. ७१० हा मरीन प्लाय महाग पडतो; दुकानाच्या मांडणीला त्याची सहसा गरज नसते.

व्यापारी बंधूंनी प्लायची प्रत आणि कडा-पाठ रंगवण्याची मजुरी अंदाजपत्रकात वेगळी लिहून घ्यावी. कारागीर बंधूंनीही ती न संकोचता मागावी. त्यात दोघांचाही फायदा आहे.