खाटा मोजायच्या की काम?

राहाता तालुक्यात लोणीला वैद्यकीय महाविद्यालय आहे, शिर्डीला साईसंस्थानची रुग्णालये आहेत आणि राहात्यात ग्रामीण रुग्णालय आहे. अडलेली बाळंतीण, सर्पदंश झालेला शेतमजूर किंवा नगर-मनमाड रस्त्यावरचा जखमी यांपैकी जवळच्या दारात पोहोचतो. समोरच्या डॉक्टरच्या नावापुढे ‘एमडी’ आहे की ‘डीएनबी’, हे त्या घाईत कोणी विचारत नाही. तोच डॉक्टर वैद्यकीय महाविद्यालयात शिकवायला गेला, की मात्र त्याची पुढची कित्येक वर्षे याच प्रश्नावर ठरतात.

आपल्याकडे विशेषज्ञ होण्याच्या दोन मुख्य वाटा आहेत. विद्यापीठाची एमडी किंवा एमएस ही एक. दुसरी राष्ट्रीय परीक्षा मंडळाची डीएनबी. १९७५ पासून चालत आलेल्या या व्यवस्थेत महाविद्यालय नसलेल्या रुग्णालयांतही प्रशिक्षण घेता येते आणि परीक्षा देशभर एकच असते. उपचार करण्यासाठी दोन्ही पदव्या सारख्याच. अध्यापनासाठी मात्र २०१९च्या राष्ट्रीय वैद्यकीय आयोग कायद्याने रेघ ओढली. महाविद्यालयाला संलग्न किंवा ५०० अथवा अधिक खाटांच्या रुग्णालयातून घेतलेली डीएनबी सर्व बाबतींत समकक्ष. इतरांना महाविद्यालयात वरिष्ठ निवासी म्हणून एक वर्ष जास्त काढावे लागते.

एक वर्ष ऐकायला किरकोळ वाटते. पण बढतीची शिडी एकेका पायरीची असते. २०२२च्या नियमांनुसार सहयोगी प्राध्यापक होण्यासाठी सहायक प्राध्यापक म्हणून चार वर्षे आणि दोन शोधनिबंध लागत होते. प्राध्यापकपदासाठी पुढे आणखी तीन वर्षे आणि एकूण चार शोधनिबंध. पहिली पायरी उशिरा मिळाली, की वरच्या सगळ्या पायऱ्या पुढे ढकलल्या जातात आणि ज्येष्ठता कायमची मागे पडते.

जुलै २०२५ मध्ये आयोगाने हे दार बरेच रुंद केले. किमान २२० खाटांच्या सरकारी रुग्णालयात दहा वर्षे काम केलेला पदव्युत्तर पदवीधर आता थेट सहयोगी प्राध्यापक होऊ शकतो. दोन वर्षांचा अनुभव असलेल्याला वरिष्ठ निवासी न होताही सहायक प्राध्यापक होता येते. संशोधनाचा पायाभूत अभ्यासक्रम मात्र दोन वर्षांत पूर्ण करावा लागतो. सरकारी रुग्णालयात सहा वर्षे विशेषज्ञ म्हणून काम केलेल्या पदविकाधारकांनाही वाट मिळाली आहे. केंद्राला पाच वर्षांत वैद्यकीय शिक्षणाच्या ७५ हजार जागा वाढवायच्या आहेत, आणि शिक्षक झाडाला लागत नाहीत. त्यामुळे ही सूट समजण्यासारखी आहे, स्वागतार्हही आहे.

अडचण मोजपट्टीची आहे. एका जागी ५०० खाटा, दुसऱ्या जागी २२०. ग्रामीण रुग्णालय साधारणपणे ३० खाटांचे असते. तिथे वर्षानुवर्षे रात्री-अपरात्री सिझेरियन करणाऱ्या स्त्रीरोगतज्ज्ञाचा अनुभव या हिशेबात येत नाही. मोठ्या रुग्णालयात गुंतागुंतीचे आजार जास्त दिसतात, हा युक्तिवाद खरा आहे. पण खाटांचा आकडा रुग्णालयाबद्दल सांगतो, डॉक्टरने स्वतः काय केले ते सांगत नाही. आणि उलट बाजूही तितकीच खरी: दहा वर्षे उत्तम शस्त्रक्रिया करणारा उत्तम शिकवेलच असे नाही.

मान्यतेची धरसोड किती महाग पडते, हे महाराष्ट्राने पाहिले आहे. मुंबईतील ‘कॉलेज ऑफ फिजिशियन्स अँड सर्जन्स’ ही १९१२ची संस्था. तिच्या ३९ अभ्यासक्रमांना ऑक्टोबर २०१७ मध्ये केंद्राने मान्यता दिली आणि काही महिन्यांतच त्यांपैकी बहुतेकांची मान्यता काढून घेतली. दर्जाबद्दलचे आक्षेप तपासलेच पाहिजेत. पण ते प्रवेशाआधी तपासायचे असतात.

म्हणून तीन गोष्टी व्हाव्यात. प्रवेश घेताना पदवीला जी मान्यता होती, तीच बढतीच्या वेळी धरावी. अनुभव मोजताना खाटांबरोबर डॉक्टरने हाताळलेल्या रुग्णांची प्रमाणित नोंदवहीही पाहावी. ग्रामीण रुग्णालयातील सेवेला, जवळच्या महाविद्यालयात ठरावीक काळ अध्यापन केल्यास, काही अंशी तरी गुण द्यावेत. लोणी आणि राहाता एकाच तालुक्यात आहेत, ही सोय वापरता येईल. तिसरे, वाट कोणतीही असो, बढतीपूर्वी प्रत्येकाने रुग्णाच्या खाटेशी उभे राहून विद्यार्थ्यांना शिकवून दाखवावे.

आज महाविद्यालयात शिकणारा विद्यार्थी उद्या एखाद्या ग्रामीण रुग्णालयात रात्रपाळीला एकटा असेल. त्या रात्री त्याच्या कामी येईल ते शिक्षकाने नीट शिकवलेले. बढतीचे नियम लिहिणाऱ्यांनी ती रात्र डोळ्यांसमोर ठेवावी.