वक्तृत्व आणि वकीलपत्र

डॅनिएल वेब्स्टर यांची भाषणे, लेख आणि पत्रे १९०३ साली अठरा खंडांत प्रसिद्ध झाली. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयातील अग्रगण्य वकील, सिनेटमधील मॅसॅच्युसेट्सचे प्रतिनिधी आणि दोन वेळा परराष्ट्रमंत्री झालेल्या या मुत्सद्द्याचे वक्तृत्व एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अतुलनीय मानले जाई. त्यांची वाक्ये शाळकरी मुलांच्या कित्येक पिढ्यांनी पाठ केली. हे खंड केवळ भाषाशैलीसाठी वाचले तर वाचक दिपून जातो. परंतु कोणते भाषण कोणाच्या बाजूने उभे राहिले, हा प्रश्न हाती धरून ते वाचले, म्हणजे लोकशाहीच्या एका मोठ्या दुखण्याचे निदान त्यांत सापडते.

डिसेंबर १८२० मध्ये प्लिमथ येथे, पहिल्या इंग्रज वसाहतकऱ्यांच्या आगमनाच्या द्विशताब्दीनिमित्त वेब्स्टर यांचे भाषण झाले. राज्यव्यवस्थेचे स्वरूप मालमत्तेच्या वाटणीवरून ठरते, असे त्यांनी तेथे निःसंदिग्धपणे सांगितले. संपत्ती थोड्यांच्या हाती वेगाने साठत गेली आणि बहुसंख्य जनता निर्धन व परावलंबी झाली, तर अत्यंत स्वतंत्र शासनसंस्थाही फार काळ टिकणार नाही, असा त्यांच्या प्रतिपादनाचा आशय होता. कार्ल मार्क्स त्या वेळी अडीच वर्षांचे होते! त्याच भाषणात त्यांनी आफ्रिकेतील गुलामांच्या व्यापारावरही घणाघाती प्रहार केले.

पण त्याच महिन्यात मॅसॅच्युसेट्सच्या राज्यघटनेची फेरतपासणी करणारी परिषद बोस्टनला भरली होती. राज्याच्या सिनेटमधील जागा लोकसंख्येनुसार द्याव्यात, जिल्ह्याने भरलेल्या करानुसार नव्हे, अशी सुधारकांची मागणी होती. वेब्स्टर यांनी तिला विरोध केला. सत्ता मालमत्तेमागोमाग जाते हे खरे असेल, तर मालमत्तेलाच प्रतिनिधित्व मिळणे युक्त होय, असा त्यांचा युक्तिवाद होता. ज्या सत्यापासून समतेकडे जाणारा रस्ता फुटतो, त्याच सत्यापासून त्यांनी धनिकांच्या दारापर्यंतचा रस्ता काढला. त्यांच्या बुद्धीला निदान अचूक साधले होते. उपचार मात्र रोगाच्या सोयीचा होता.

वकिलीतील त्यांची कीर्ती डार्टमथ कॉलेजच्या खटल्याने पसरली. इंग्लंडच्या राजाने १७६९ साली दिलेली सनद हा करार आहे, विधिमंडळाला त्यात परस्पर बदल करता येणार नाही, हे त्यांचे म्हणणे सर्वोच्च न्यायालयाने १८१९ साली मान्य केले. एका लहान विद्यासंस्थेचे स्वातंत्र्य त्यामुळे राखले गेले, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु तेच तत्त्व पुढे खाजगी कंपन्यांच्या सनदांचे चिलखत झाले आणि लोकनियुक्त विधिमंडळाचा हात त्यापुढे आखडला. कॉलेजसाठी बांधलेल्या तटबंदीत भांडवलाने आपले ठाणे वसविले.

यापेक्षा बोलकी आहे एक खाजगी चिठ्ठी. अध्यक्ष जॅक्सन आणि ‘बँक ऑफ द युनायटेड स्टेट्स’ यांचा संघर्ष १८३३ साली शिगेला पोहोचला होता. सिनेटमध्ये वेब्स्टर बँकेची बाजू लढवीत होते. त्याच डिसेंबरात त्यांनी बँकेचे अध्यक्ष निकोलस बिडल यांना लिहिले की, आपल्या वकीलपत्राच्या नेहमीच्या रकमेचे नूतनीकरण झालेले नाही. संबंध पुढे चालू राहावा अशी बँकेची इच्छा असेल तर ती रक्कम पाठवावी. लोकांचा प्रतिनिधी आणि बँकेचा पगारी वकील एकाच आसनावर बसले होते. या पैशामुळेच त्यांचे मत बनले असे म्हणण्याची गरज नाही. मत आणि मोबदला यांची एवढी गट्टी जमली होती की, त्यांना वेगळे करण्याची आवश्यकता कोणालाच भासली नाही, हेच अधिक गंभीर होय.

तरीही न्याय करावयाचा तर १८३० च्या जानेवारीतील भाषणाचे मोल मान्य केलेच पाहिजे. संघराज्याचा कायदा एखादे राज्य स्वतःपुरता रद्द करू शकते, या दक्षिण कॅरोलिनाच्या सिनेटर हेन यांनी मांडलेल्या सिद्धान्ताला उत्तर देताना वेब्स्टर यांनी सांगितले की, ही राज्यघटना राज्यांनी नव्हे तर जनतेने निर्माण केली आहे आणि सरकार जनतेलाच जबाबदार आहे. अब्राहम लिंकन यांनी या भाषणाचा मनोभावे अभ्यास केला होता. १८६३ च्या गेटिसबर्ग येथील त्यांच्या विख्यात भाषणात त्याचा प्रतिध्वनी आहे. स्वातंत्र्य आणि संघराज्य ही अविभाज्य आहेत, हा वेब्स्टर यांचा घोष होता. मग या दोहोंत निवड करण्याची वेळ आली तेव्हा काय घडले?

ती वेळ ७ मार्च १८५० रोजी आली. मेक्सिकोकडून जिंकलेल्या प्रदेशात गुलामगिरी असावी की नसावी, या वादाने संघराज्य फुटण्याच्या बेतात होते. वेब्स्टर यांनी तीन तासांहून अधिक काळ बोलून तडजोडीला पाठिंबा दिला. उत्तरेने पळून आलेले गुलाम परत करण्याचे कर्तव्य पाळले नाही, असा ठपका त्यांनी ठेवला आणि गुलामगिरीविरोधी संघटनांनाच दोष दिला. बोस्टनच्या धनिकांनी त्यांचे जाहीर आभार मानले. यात नवल नव्हते. मॅसॅच्युसेट्सच्या गिरण्यांचे चाते दक्षिणेतील गुलामांनी वेचलेल्या कापसावर फिरत होते.

सप्टेंबरात झालेल्या फरारी गुलामांच्या कायद्याने पकडलेल्या माणसाला ज्यूरी नाकारली, स्वतःची साक्ष देण्याचा अधिकारही नाकारला. त्याला मालकाच्या स्वाधीन केले तर कमिशनरला दहा डॉलर मिळत, सोडून दिले तर पाच. आसरा देणाऱ्यास एक हजार डॉलरपर्यंत दंड आणि सहा महिन्यांपर्यंत कैद होती. ज्यूरीची तरतूद असलेला मसुदा जूनमध्ये वेब्स्टर यांनीच सिनेटपुढे ठेवला होता. परंतु तिच्याविना कायदा झाला, तेव्हा परराष्ट्रमंत्री या नात्याने ते त्याचे कडवे पुरस्कर्ते बनले. फेब्रुवारी १८५१ मध्ये शॅड्रॅक मिंकिन्स या पकडलेल्या माणसाला बोस्टनच्या काळ्या नागरिकांनी भर न्यायालयातून सोडवून कॅनडाकडे रवाना केले. ज्यांनी प्लिमथला गुलामांच्या व्यापाराचा धिक्कार केला होता, त्याच मुखाने अशा प्रतिकाराला राजद्रोह ठरविले.

वेब्स्टर यांचे समर्थक म्हणतात की, या तडजोडीने युद्ध दहा वर्षे लांबले आणि तेवढ्या अवधीत उत्तर बलवान झाली. हा युक्तिवाद दुर्लक्षिण्यासारखा नाही. पण त्या दहा वर्षांची किंमत कोणी मोजली? ज्यांना मत नव्हते, साक्ष नव्हती, ज्यांच्या मुलांचा लिलाव होत होता, त्यांनी! शिवाय ज्या ऐक्यासाठी हा बळी दिला, तेही वाचले नाही. या कायद्याने गुलामगिरी उत्तरेतल्या माणसाच्या उंबरठ्यावर आणून उभी केली आणि त्याची सदसद्विवेकबुद्धी जागी झाली. १८६१ साली युद्ध पेटलेच. वेब्स्टर यांना अध्यक्षपदाची उमेदवारीही लाभली नाही. १८५२ च्या अधिवेशनात ज्या दक्षिणेसाठी त्यांनी एवढे केले, तिने त्यांना साथ दिली नाही. त्याच ऑक्टोबरात त्यांचे निधन झाले.

त्याच वर्षीच्या जुलैमध्ये, गुलामीतून पळून आलेले फ्रेडरिक डग्लस यांनी रॉचेस्टर येथे देशाला विचारले होते की, तुमच्या स्वातंत्र्यदिनाशी गुलामाचे नाते कोणते? १८६५ साली घटनादुरुस्तीने गुलामगिरी नष्ट झाली, ती डग्लस यांच्या प्रश्नाची परिणती होती, वेब्स्टर यांच्या तडजोडीची नव्हे. महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतील ज्या सज्जनांना अर्पण केला, ते गुलामांच्या मुक्तीसाठी झटणारे लोक होते. पुण्यात बसून जोतीरावांनी अमेरिकेतील खरा वारसा नेमका ओळखला.

समाजवादी कार्यकर्त्याने वेब्स्टर अवश्य वाचावेत. ऐक्य हे थोर मूल्य आहे, आणि फुटीरतेने पोळलेल्या चळवळींना ते विशेष प्रिय वाटणे स्वाभाविक आहे. म्हणूनच ऐक्याची हाक येईल तेव्हा दोन गोष्टी तपासल्या पाहिजेत : त्या ऐक्याची किंमत कोणाच्या पाठीवर लादली जात आहे, आणि ती हाक देणाऱ्याचे वकीलपत्र कोणाकडे आहे. सर्वांत खालच्या माणसाला वगळून झालेला करार हा शांततेचा करार नसतो. तो पुढच्या संघर्षाची तारीख तेवढी पुढे ढकलतो.