एकराला साडेतीन गुंठे

उरण, पनवेल आणि पेण तालुक्यांतली १२४ गावं आता ‘तिसऱ्या मुंबई’च्या नकाशात आली आहेत. ऑक्टोबर २०२४ मध्ये राज्य सरकारने सुमारे ३२३ चौरस किलोमीटरच्या या नवनगराचं काम एमएमआरडीएकडे सोपवलं. त्याआधी जानेवारीत अटल सेतू खुला झाला होता, नंतर ऑक्टोबर २०२५ मध्ये नवी मुंबई विमानतळाचं उद्घाटन झालं. शहर आणखी दक्षिणेला सरकणार, हे ओघानं आलंच. अशा वेळी भाषणांत प्रगतीचा जयघोष होतो आणि प्रगती म्हणजे नेमकं काय, हे विचारायचं राहून जातं.

माझं मत असं आहे की, प्रगतीच्या इतिहासात नवी मुंबईची नोंद पुलांसाठी किंवा धावपट्टीसाठी होऊ नये. ज्याच्या जमिनीवर शहर उभं राहतं, त्याला त्या शहराच्या जमिनीत वाटा मिळाला पाहिजे, हे तत्त्व इथल्या माणसांनी लढून मान्य करून घेतलं. या शहराची सर्वांत मोठी कमाई तीच.

१९६५ साली ‘मार्ग’ मासिकातून चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी खाडीपलीकडच्या जुळ्या शहराची कल्पना मांडली. ते उभारण्यासाठी १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली. ९५ गावं आणि सुमारे ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्र ठरलं. जमीन सरकारने आधी संपादन करायची, शहर वाढेल तशी तिची किंमत वाढेल आणि त्या वाढीतूनच रस्ते, पाणी, रेल्वेचा खर्च निघेल, असं गणित होतं. गणित हुशारीचं होतं. पण त्या वाढलेल्या किमतीत मूळ मालकाची जागा कुठेच नव्हती. १८९४च्या भूसंपादन कायद्याने त्याला रोख मोबदला दिला की सरकारची जबाबदारी संपत होती.

हे इतक्या सहज घडलं, कारण इथे आधी काही नव्हतंच, अशी समजूत होती. एकोणिसाव्या शतकात लुईस हेन्री मॉर्गनसारख्या अभ्यासकांनी मानवी समाजांची रानटी, अर्धसंस्कृत आणि सुसंस्कृत अशी चढती शिडी मांडली. ती शिडी आपल्या डोक्यातून अजून उतरलेली नाही. नकाशावर दलदल दिसली की माणसं मागासलेली, असं आपण धरून चालतो.

या दलदलीत काय होतं ते पाहा. आगरी शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या मातीचे बांध घालून खाडीकडून भातशेती मिळवली होती. बांधात उघाडी असायची. भरती आली की खाऱ्या पाण्याच्या दाबाने तिचं झाकण आपोआप बंद व्हायचं आणि ओहोटीला आतलं पावसाचं पाणी ते ढकलून बाहेर पडायचं. पुढे सिडकोने शहर पाण्याखाली जाऊ नये म्हणून धारण तलाव खोदले. भरतीत दारं बंद, पावसाचं पाणी तलावात, ओहोटीला पुन्हा खाडीत. ही डच पद्धत म्हणून सांगितली जाते, पण तत्त्व उघाडीचंच आहे. ज्यांना शिडीच्या तळाशी ठेवलं होतं, त्यांना भरती-ओहोटीचं शास्त्र आधीपासून अवगत होतं.

त्याच माणसांनी पुढे शहराला न्यायही शिकवला. लोकनेते दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली आंदोलन पेटलं. १६ आणि १७ जानेवारी १९८४ रोजी जासई-दास्तान फाटा आणि नवघर परिसरात पोलिसांनी गोळीबार केला. पाच जण हुतात्मा झाले. त्या रक्ताची किंमत म्हणून १९९० मध्ये साडेबारा टक्क्यांची योजना आली: संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के इतका विकसित भूखंड मूळ मालकाला. सार्वजनिक सोयींसाठी त्यातली तीस टक्के जागा वजा होते. म्हणजे एकराला पाच गुंठे हिशेबात येतात आणि हातात साडेतीन पडतात. एवढ्यासाठी पाच जीव गेले.

तरीही हे तत्त्व मोठं होतं. विमानतळासाठी उठलेल्या गावांना रोख रकमेऐवजी साडेबावीस टक्के विकसित भूखंड देण्यात आले. देशाच्या २०१३च्या भूसंपादन कायद्यातही नागरीकरणासाठी जमीन घेतल्यास विकसित जमिनीतला वीस टक्के हिस्सा जमीनमालक प्रकल्पग्रस्तांसाठी राखून त्यांना देऊ करण्याची तरतूद झाली. ब्रिटिशांच्या कायद्यापासून इथपर्यंतचा हा प्रवास मला कोणत्याही पुलापेक्षा लांबचा वाटतो.

विकासासाठी कुणीतरी त्याग करायलाच हवा, असं काही जण म्हणतात. पण त्याग करणारा एक आणि फळं खाणारा दुसरा, असं किती दिवस चालायचं? साठच्या दशकात कोयनेची वीज महाराष्ट्राला मिळाली, तरी कोयना धरणग्रस्तांना पुढची साठ वर्षं हक्कासाठी आंदोलनं करावी लागली.

नवी मुंबईचा हिशेबही अपुराच राहिला. साडेबारा टक्के मिळाले ते सातबारावर नाव असलेल्यांना. दुसऱ्याच्या शेतात राबणारे, मिठागरांत काम करणारे आणि खाडीवर जगणारे कोळी यांच्याकडे दाखवायला सातबारा नव्हता. ओहोटीला गुडघाभर चिखलात उतरून कालवं, निवट्या आणि खेकडे वेचणाऱ्या बाईची उपजीविका भरावाखाली गेली, तेव्हा तिला किती टक्के मिळाले? गावठाणाचा विस्तार वेळेवर झाला नाही. कुटुंबं वाढली, लोकांनी गरजेपोटी घरं बांधली आणि ती अनधिकृत ठरली. ज्यांच्या जमिनीवर नियोजित शहर उभं राहिलं, तेच त्या शहरात बेकायदा झाले.

२०१३च्या कायद्यात बाधित कुटुंबांची व्याख्या भूमिहीन मजूर, कुळं, मच्छीमार आणि नावाडी यांच्यापर्यंत पोचली आहे. तिसऱ्या मुंबईत ती व्याख्या कागदावर राहता कामा नये. पहिला खांब उभा राहण्याआधी प्रत्येक गावात बिनसातबाऱ्याच्या कुटुंबांची नोंद व्हावी. वाढीव गावठाणाची हद्द आराखड्यातच आखली जावी. आणि विकसित जमिनीतला वाटा संपादनाच्या दिवशीच लेखी मिळावा, नंतरच्या आंदोलनातून नव्हे.

विमानतळाला दि. बां.चं नाव द्यावं म्हणून २४ जून २०२१ रोजी हजारो लोक सिडकोवर धडकले होते. ती मागणी रास्तच आहे. पण ज्या हिश्शासाठी दि. बा. लढले, तो १२४ गावांतल्या शेवटच्या घरापर्यंत न मागता पोचला, तरच गेल्या पन्नास वर्षांत आपण पुढे गेलो असं म्हणता येईल.